उजेडपट्टी

चौदा नोडांच्या साम्राज्यात
घरपट्टी नाही, पाणीपट्टी माफ.
वर्षातून एकदा, फाल्गुनातल्या अवसेला,
फक्त उजेडपट्टी.

सात वाजता किल्ल्यावरून शिंग वाजतं
आणि ऐरोलीपासून उलव्यापर्यंत
सेक्टरामागून सेक्टर विझत येतो,
ओल्या बोटाने कुणी
पाटीवरची बेरीज पुसत यावी तसा.

मी वसुली कारकून. बेलापूर, खिडकी क्रमांक नऊ.
पुढ्यात पितळी तराजू.
एका पारड्यात सम्राज्ञीचं मोहोरबंद माप,
समईच्या एका वातीइतकं.
दुसऱ्यात तुम्ही आणाल ते.
उजेड स्वतःचा हवा, एवढाच नियम.
विकतचा पारड्यात उतरतच नाही;
गेल्या साली टोपलीभर एलईडी घेऊन आलेला
सीवूड्सचा बिल्डर
पहाटेपर्यंत परत परत रांगेत लागत होता.

फैयाज, तुर्भ्याचा वेल्डर, मूठ उघडतो:
दोन ठिणग्या. काटा आडवा. पावती.
लिसम्मा सिस्टर, नेरूळ:
रात्रपाळीत पेशंटच्या डोळ्यात बॅटरी मारताना
आतून परत आलेली एवढीशी तिरीप.
भरपूर झाली. पावती.
एक शाळकरी पोरगा म्हणाला,
मला काल भागाकार कळला.
मी चष्मा पुसेपर्यंत पारडं खाली.

मग सगळा उजेड हंड्यांत भरून
डोक्यावरून, हिंदकळू न देता, किल्ल्यावर नेतात.
बुरुजावरची कढई बाराच्या ठोक्याला पेटते
आणि वर्षभर जळते,
होड्यांना वाट दिसावी म्हणून.
परिपत्रकात तसं लिहिलंय.

साडेअकराला मी खिडकी ओढून घेत होतो
तेव्हा दिवाळ्याची चांगुणाबाय आली.
गावाचं नाव दिवाळे आणि हातात दिवा नाही,
मनातल्या मनात मी विनोद केला.
तिने तो ऐकला असावा.
पदराखालून मडकं काढलं,
तोंड फडक्याने बांधलेलं.
"उजेर नाय, बाला. काळोख हाय.
खारीतला. वाईच उरलेला."

नियमपुस्तक पुढून पाहिलं, मागून पाहिलं.
काळोखाला रकाना नाही.
"थकबाकी लावा," राऊळसाहेब आतून म्हणाले.
"तुमचे कढईचे उजेरानं म्हावरा पलाला," ती म्हणाली,
"वरीस झाला, जाल्यान काय येत नाय."
भांडत नव्हती. हिशोब सांगत होती.

आणलेलं मोजायचं, हाही नियमच.
मडकं पारड्यात ठेवलं, फडकं सोडलं.
काटा हलला नाही.
पण माझ्या खिडकीतला कंदील
जरासा मागे सरकला,
घरात वडीलधारं कुणी आल्यावर सरकावं तसा.
तिने मडक्यात बोट घातलं, ढवळलं,
आणि बोटामागून
निळी रेघ उठली.
विझली.
पुन्हा बोट, पुन्हा रेघ.
"आमचे लहानपनी अवसेला वल्हा मारला का
सगली खारी अशी पेटं.
उजेर तिचाच होता.
बघाला काळोख लागं."

काटा पाहायचा मी विसरलो.
अठरा वर्षांच्या नोकरीत पहिल्यांदा.

पावती फाडली. नाव, गाव लिहिलं.
'उजेड' हा रकाना कोरा सोडला
आणि शेऱ्यात लिहिलं:
एक मडकं. भरणा मान्य.
जादा वसूल झालेलं परत करावं.
राऊळसाहेबांनी सही करण्याआधी वाचलं,
पेन झटकलं,
शाई येत नव्हती की काय कोण जाणे.

त्या रात्री कढई पेटायला
बारा मिनिटं उशीर झाला.
चौकशी अजून चालू आहे.
हंडे कुठे अडले, हे मला माहीत नाही.
त्या बारा मिनिटांत जेट्टीवर
कोण कोण ओणवं बसलं होतं,
पाण्यात कोपरापर्यंत हात घालून,
ते माहीत आहे.
जबाबात सांगितलेलं नाही.