घर क्रमांक त्रेपन्न

खारघरच्या दवाखान्यात शिशाच्या डबीतून
चिमट्याने काढून दिली त्यांनी गोळी,
आणि देणारा लगेच भिंतीआड गेला.
एवढीशी. तापाच्या गोळीसारखी.
मी गिळली,
आणि सगळ्यांनी माझ्यापासून
दोन मीटर लांब राहायचं ठरलं.

आता कोपरखैरण्याच्या आतल्या खोलीत मी.
ताट वेगळं, चादर वेगळी, संडासात दोनदा पाणी.
हिराजी उंबऱ्यावर पेज ठेवतो, खाकरतो,
मागे सरतो थोरल्या दिरासारखा.
दाराबाहेर दुर्वा. नववी. सोमवारी चाचणी.

"मम्मी, समस्थानिक म्हणजे?"

शाळा सोडून सव्वीस वर्षं झाली,
पण याचं उत्तर सध्या माझ्या गळ्यातच आहे.
म्हटलं, आपली गल्ली बघ.
सिडकोने दिली तेव्हा सगळी घरं सारखी.
मग घरतांनी पोटमाळा काढला,
वर चार पिंपं, सासऱ्यांची जाळी, गंजकी पेटी.
दार तेच, नंबर तोच,
टपालवाला अजून चुकत नाही.
प्रोटॉन म्हणजे घराचा नंबर,
न्यूट्रॉन म्हणजे माळ्यावरचं ओझं.
साधं आयोडीन: नंबर त्रेपन्न, माळ्यावर चौऱ्याहत्तर.
माझं: नंबर त्रेपन्नच,
माळ्यावर अठ्ठ्याहत्तर.
चार जास्त.
तेवढ्याने घर हलतं.

"मग गळ्याला कळत नाही हे वेगळं आहे ते?"

नाही कळत. गळा दारातूनच बघतो.
बाहेरच्या इलेक्ट्रॉनांची वर्दळ ओळखीची वाटते,
या म्हणतो, बसा म्हणतो.
मधल्या ओझ्याची चौकशी कुणी करत नाही.
गाठ घेऊन दीड वर्ष
मीही हळदीकुंकवांत हसत उभी होते.

गोळीआधी पंधरा दिवस मीठ बंद, मासळी बंद.
दिवाळ्याची पोर मी, सुकटाच्या वासाकडे पाठ करून जेवले.
बाप मिठागरावर फळीने पांढरं ओढायचा,
टाचांच्या भेगांत तेच पांढरं घेऊन घरी यायचा.
त्याला कुणी सांगितलं नव्हतं की
त्या प्रत्येक खड्यात एक देणारा आणि एक घेणारा
एकमेकांना धरून बसलेत.
सोडियम एक इलेक्ट्रॉन देऊन टाकतो,
देणाऱ्याला धन म्हणतात.
क्लोरिन तो घेतो,
घेणाऱ्याला ऋण.
"बघ," मी दाराला म्हटलं, "किती न्यायाचं आहे."
"तसं नाही गं, इलेक्ट्रॉनच ऋण असतो म्हणून."
"तेही असेल."

रात्री मी एकटीच मोजते.
आठ दिवसांत निम्मं. सोळा दिवसांत पाव.
नेमकं कोणतं कण आधी जाईल
हे मात्र कुणालाच सांगता येत नाही.
माळ्यावरचा एक न्यूट्रॉन अचानक उठतो,
प्रोटॉन होतो,
एक इलेक्ट्रॉन खिडकीतून भिरकावतो
(तोच त्या उरलेल्या गाठीला जाळतो म्हणे),
आणि घराचा नंबर बदलतो. चोपन्न.
झेनॉन. राजवायू.
ना कुणाचं देणं, ना घेणं.
असा माझ्या श्वासातून निघून
ठाणे-बेलापूर रस्त्याच्या धुरात
नाव न सांगता मिसळणार.
जाऊ दे. एवढं जळून
राजासारखं जायला मिळतंय त्याला.

दाराखालून एक कागद सरकतो.
मध्ये गोळा, भोवती कक्षा, पेन्सिलीचे ठिपके.
कागद आत येऊ शकतो, परत जाऊ शकत नाही,
म्हणून मोठ्याने तपासते:
दोन. आठ. अठरा. अठरा. सात.
"शेवटी सातच? आठवा कुठाय?"
"तो कुणाकडून तरी घ्यायचा असतो, मम्मी."
आवाज फार जवळून येतो,
दाराला पाठ टेकलेली असणार.

"दोन मीटर!" मी ओरडते.

ती सरकते.
थोडीशीच.