दोन मिनिटं दहा सेकंद

उद्यमनगरात वसीमच्या लेथवर माझी खोली.
खाली तो लोखंड सोलतो,
वर मी दुसऱ्यांचे सिनेमे.

इचलकरंजीहून लाहोटी शेठ फोन करतात,
"मॅडम, मारामारी पुढं घ्या, रडणं कापा,
आणि शेवट तेवढा दाखवू नका."
शेवटाचं शूटिंगच व्हायचं असतं अजून.

अकरा वर्षं. एकशे चार ट्रेलर.
शाहूपुरीत एकानं चहाच्या गाड्यावर गाठलं मला :
तुमच्या ट्रेलरवर भुलून तिकीट काढलं,
दीडशे रुपये द्या.
दिले.

माझा स्वतःचा सिनेमा एकच.
फाउंड्रीतले ग्यानबा कुरणे, ग्यानबा कुरण्यांच्याच कामात.
कॅमेरा भाड्याचा, दिवे मांडववाल्याचे,
भाकरी आईच्या.
रविवारी सकाळी नऊचा एक खेळ मिळाला,
माणसं सव्वीस,
त्यात अकरा कुरणे.

आता त्याचा ट्रेलर कापायला बसलेय,
सहावी रात्र.
ग्यानबा साच्याशी उकिडवे बसलेत,
ओतलेला रस निवायची वाट बघत.
चार मिनिटं. पापणीसुद्धा घाईत नाही.
कुठंही कात्री लावली
की वाट बघणं जातं, नुसता म्हातारा उरतो.

खाली वसीमनं बटण बंद केलं.
चाक लगेच थांबत नाही,
फिरत राहतं, बारीक होत जातं,
मग आपणच ऐकायचं बंद करतो.
जिन्यात बसून तेवढं रेकॉर्ड केलं.

काळा पडदा, तो आवाज, ग्यानबांचं नाव.
तारीख नाही.

शेठना पाठवलं.
लगेच फोन :
"मॅडम, आवाज येतोय,
चित्र कुठं अडकलं?"