आवाज बंद ठेवून

बितोम, चौथा मजला.
खाणीतली रात्रपाळी करून बाबा पलीकडे झोपलेले,
म्हणून टीव्हीचा आवाज बंद.
लेशेकनं कन्सोल उघडून आत चिप डाखली होती;
झाकणाचा एक स्क्रू
कधीच सापडला नाही.

वीस वर्षांनी तोच खेळ लावलाय.
त्याचा जुना सेव्ह निघाला:
कपाटामागे, भिंतीला पाठ लावून
उभा आहे माणूस.
पहारेकरी येतो, जांभई देतो, वळतो.
अकरा पावलं. पुन्हा अकरा.

निसटायला फट आहे, मला दिसतेय.
पण लेशेक नॉर्वेत मासे कापतो,
फोन उचलत नाही,
आणि पुढं गेले तर हा सेव्ह पुसला जाईल.

पलीकडची खोली रिकामी.
तरी आवाज वाढवायला हात होत नाही.
पहारेकरी वळला.
याच सुमाराला बाबा
कूस बदलायचे.