आधार

पत्रात एक शब्द आहे, दुसऱ्या प्रकरणाच्या तोंडाशीच.
एक माणूस आत येतो, बोटात सोन्याची अंगठी,
मागोमाग दुसरा, मळक्या अंगरख्यातला.
आत म्हणजे कुठे?
लिहिणारा सरळ लिहून गेलाय: तुमच्या सिनागोगीत.

इथे, थेस्सालोनिकीत, हा शब्द अजून चलनात आहे,
पाव विकणाऱ्या पोरालाही कळतो.
पण माझे सर, स्तेर्गिओस वाफियादिस,
एकतीस वर्षं वर्गात सांगत आले,
"येथे अर्थ केवळ सभा."
'केवळ' म्हणताना त्यांचा आवाज असा उतरायचा
की कुणीतरी हलकेच दार लोटून घेतंय.

त्यांच्या भाष्याची नवी आवृत्ती निघणार होती,
तळटिपा तपासायचं काम माझ्याकडे.
'यहुदी पार्श्वभूमी' हे प्रकरण सहा पानांचं.
नाटकाच्या मागे टांगलेला पडदा जणू,
रंगवलेली टेकडी, रंगवलेली विहीर,
आणि पुढे येऊन बोलणारे सगळे आपलेच.

सारिना मातारासो गुरुवारी यायच्या,
ना पदवीसाठी, ना परीक्षेसाठी.
खिडकीशी बसून भाजलेल्या बिया सोलायच्या,
टरफलं रुमालात.
एकदा म्हणाल्या, "सर, शब्द आमचा,
तर मग चिठ्ठी लिहिणारा आमच्यातलाच ना?"
"होता," सर म्हणाले, "पण..."
तो 'पण' मी वहीत उतरवून घेतला.
त्याला तळटीप नव्हती.

त्या रात्री मी मोशेचा नियम उघडला.
न्यायाला बसशील तेव्हा तोंड पाहून पान वाढू नकोस,
असा त्या ओळीचा भाव. हिब्रूत मात्र अक्षरशः
तोंड उचलू नकोस.
आणि तिथून चारच बोटं खाली,
शेजाऱ्यावर जीव लाव, स्वतःवर लावतोस तसा.
भिंतीला भिंत लागून राहणाऱ्या दोन आज्ञा.
पत्रातही त्या अशाच लगटून येतात,
कुठून आणल्या ते तो सांगतच नाही.
कशाला सांगेल?
स्वतःच्या घरात अंधारातही
हात मिठावर बरोबर पडतो.

आमचं विद्यापीठ कशावर उभं आहे
हे मला माहीत होतं,
तळ्याला तळ असतो हे माहीत असतं, तेवढंच.
बेचाळीसच्या हिवाळ्यात कबरी उखडल्या,
संगमरवर ज्याला हवा त्यानं नेला,
पायऱ्यांना, अंगणांना, मोऱ्यांना.
पुढल्या वर्षी माणसं नेली.

सारिनाबाई मला एका शिंप्याच्या अंगणात घेऊन गेल्या.
नळाखाली फरशी, मधोमध झिजलेली.
पत्रात गरिबाला सांगतात ना,
तू तिथे उभा राहा, नाहीतर बस
माझ्या पायाच्या पाटाखाली.
"हिचं तोंड खाली आहे," त्या म्हणाल्या,
"हे उचलायला कुठल्या नियमाची मनाई नाही."

सळई शिंप्याची. जोर आम्हा दोघींचा.
तो उंबऱ्यात उभा, गळ्यात मोजपट्टी,
म्हणाला, बापाच्या वेळेपासून आहे, मला काय ठाऊक.
खाली ओल, एक गांडूळ,
चार ओळी चौकोनी अक्षरांच्या, पाचवी फुटलेली.
मी वाचून दाखवलं. नाव त्यांच्या कुणाचंच नव्हतं.
तरी त्यांनी बियांचा रुमाल झटकला
आणि अक्षरं पुसली, एकेक,
जेवल्यावर लेकराचं तोंड पुसावं तशी.

भाष्याच्या एकशे बाराव्या पानावरचा 'केवळ' मी खोडला.
खाली टीप घातली:
'सिनागोगी म्हणजे सिनागोगच.
पाहुणे असलो तर आपण.'

खर्डा परत आलाय.
समासात सरांची पेन्सिल, बारीक, सरळ, एकच शब्द:
आधार?

तीन दिवस झाले. उत्तर लिहिलेलं नाही.
नखांतली माती
घासूनही जात नाहीये.