पावती क्रमांक चारशे बारा

शुक्रवारी बोरखेडीला जनावरांचा बाजार.
बाभळीखाली टेबल मांडतो, एक पाय विटेवर,
कार्बन उलटा तर नाही ना, एकदा पाहतो
आणि दिवसभर तेच ते लिहितो:
रंग, शिंगं, दात, ओळखीची खूण,
विकणाऱ्याचा अंगठा, घेणाऱ्याची सही, रक्कम.

रक्कम नेहमी खोटी.
अठराला ठरलेलं बारा लिहून घेतात,
शेकड्यामागची फी वाचते. मी विचारत नाही.
खरा आकडा दुपट्ट्याखाली राहतो
दोन माणसांच्या बोटांत.
मला फक्त खांदे दिसतात.
चार बोटं धरली की खांदा किंचित पुढं येतो,
नाही म्हणायचं असलं की कोपर.
बावीस वर्षांत एवढंच वाचायला शिकलो.

होळी होऊन गेली होती. कारंज्याकडचे गवळी
डोंगर सोडून खाली आलेले,
वरचा झरा म्हणे आता वाटीनं उपसावा लागतो.
भागरता खडकेनं दोन रात्री चालवत आणलेली म्हैस,
काळी, कपाळावर पांढरा टिकला,
शिंगं मागं पाठीवर टेकलेली,
जसे कोणी वाकवून ठेवलेले वेळू.
"दुसऱ्या वेताची. सकाळ-सांज मिळून सात लिटर.
ढेपेवर नाही बाप्पा, नुसत्या कडब्यावर."
दलाल अंबादास.
घेणारा हिंगणघाटचा दूधवाला, पांढऱ्या बुटांतला.

कापडाखाली परक्याच्या हातात
बाईनं हात द्यायचा नसतो, अशी रीत.
तिनं भाच्याला पुढं केलं.
तुळशा, बारा वर्षांचा. त्याचा हात दुपट्ट्यात गेला
आणि ती मागं उभी राहून
त्याच्या पाठीवर, सदऱ्याच्या उसवल्या शिवणीपाशी,
बोटांनी सांगू लागली.
दाबलं. थांबली. दोन बोटं. मूठ. पुन्हा दोन.
पाटानं पाणी वाफ्यात न्यावं
तसं पोरगं तेच पुढं नेत होतं, डोळे मिटून.

अंबादास हसला.
"पोट्ट्याचा हात थंडा पडला
अन् भाव तं गरमच हाय. बोलून कोण रायलं?"

"मी," ती म्हणाली.
आणि मोठ्यानं सांगितलं,
"बासष्ट हजार. एकावन मांगून रायले तुमी.
अन् तुमची दलाली दोन्हीकून."

बाजारात असं कोणी बोलत नाही.
शेजारच्या बोकडवाल्याची मोजणी चुकली.
मुनाफभाई, जे पाठीवर नुसती बोटं फिरवून
बकरीचं वजन सांगतात,
बिडी न पेटवताच ओठात धरून बसले.
म्हैस तेवढी रवंथ करत होती.

अठ्ठावन्नावर पटलं. उघड्यावर, उन्हात.
मी सवयीनं विचारलं, "किती लिहू?"
"जे आयकलं ते लिहा ना."
दूधवाला खाकरला. मी लिहिलं.
अठ्ठावन्न हजार फक्त.
'फक्त'पाशी हात अडखळला माझा.
रंग काळा. दात सहा. ओळखीची खूण?
"डाव्या कानामांगं हात ठेवला का
पान्हा सोडते. हे लिहा."
रकाना अर्ध्या बोटाचा.
'डावा कान', एवढंच बसलं.

दावं सोडून तिनं खांद्यावर टाकलं,
दावं विकत नसतात.
दूधवाल्यानं गाडीतून नायलॉनची नवी दोरी आणली.
म्हशीनं ती हुंगली, पुन्हा हुंगली.
तुळशा अजून हात सदऱ्याला पुसत होता.

पैसे तिनं तीनदा मोजले, मग माझ्याकडून मोजवून घेतले.
बकऱ्या घ्यायच्या होत्या यातून.
बकरी बाभळीच्या शेंगांवर उन्हाळा काढते,
म्हैस नाही काढत, असं ती मला नाही,
दाव्याला सांगितल्यासारखं म्हणाली.

मुनाफभाईंनी चार पाठी समोर ओढल्या,
खांद्यावरचा रुमाल सवयीनं हातावर पसरला.
तिनं पदर खोचला,
रुमाल उचलून त्यांच्याच गुडघ्यावर ठेवला,
"बोला," म्हणाली, "मोठ्यानं."