एक प्रत

सेलूच्या तहसीलसमोर माझं झेरॉक्सचं दुकान.
गावाला राग आला की आधी मला कळतं,
निवेदनं माझ्याच काचेवरून जातात.

फाल्गुनात सोनपेठकर डॉक्टरांच्या अद्वैतला
नाक्यावर हवालदारानं दोन थापडा मारल्या.
लायसन मागितलं, शब्दाला शब्द लागला,
चष्मा फुटला.
दुपारपर्यंत तीनशे दहा प्रती.
मोंढा बंद, शाळा अर्ध्यातून सुटली,
मेणबत्त्या संपल्या तेव्हा किराणावाल्यानं
देवाजवळच्या काढून दिल्या.
मीही पैसे घेतले नाहीत.
म्हटलं, लेकरावर आलं की गाव एक होतं.
हवालदार चौथ्या दिवशी पालमला.

वैशाखात शेवराबाई काळे आली,
पायरीखालीच थांबली.
पिशवीतून पिशवी, तिच्यातून आणखी एक,
मग कागद.
"येक काढा. मपल्या सुरमलचा हाय.
शिक्का नीट उठू द्या."

सुरमलला विहिरीवरच्या मोटारींसाठी उचललं होतं,
रात्री, पालातून. चपला तिथंच राहिल्या.
मोटारी पुढं सापडल्या, मालकाच्या मेव्हण्याकडं.
तोवर सुरमल सरकारी दवाखान्यात,
पांढऱ्या कापडाखाली.

वर लिहिलेलं, हृदयक्रिया बंद पडल्याने.
खाली जखमा, एक ते सतरा,
किराणाच्या यादीसारख्या.
हिरवा उजेड त्यांच्यावरून सरकत गेला.
पहिली प्रत फिकी आली. दुसरी काढली.

मोंढा चालू होता. तूर चढली होती.
पेपरात चार ओळी, त्यातली एक "अट्टल चोरटा",
आणि लगेच खाली क्लासची जाहिरात,
टक्क्यांसकट हसणारी पोरं.
टीसीची झेरॉक्स काढायला आलेला म्हणाला,
त्यांच्यात हे चालतंच.
मी मान हलवली.
आडवी की उभी, ते आठवत नाही.
रात्री आठवून बघतो.

"निवेदन देणार का?" मी विचारलं.
"कोन येतंय बापू सोबत?
अन् समदे गेलोत, तर समद्यायलाच ठिवून घेतेत."

मग म्हणाली, "किती झाले?"
"दोन रुपये."
निघून गेलं तोंडातून, सवयीनं.
तिनं पदराची गाठ सोडली.
मोजून दिले.
मीही मोजून घेतले,
दोनच नाणी होती तरी.

फिकी प्रत गल्ल्याखाली आहे.
पाठकोरी.
हिशोबाला कागद लागतो रोज,
हात तिथवर जातो.