सात पाण्यांनी

पिएदादबाईंचे दात पेल्यात,
पेला खिडकीत,
खिडकीबाहेर राय गावाचा तो रस्ता
ज्यावरून मी आत्ता मडगावहून आले
दोन बोकडांची वजडी पायांपाशी ठेवून,
बसमधली शेजारीण नाक मुरडत असताना.

माझ्या सासूच्या ओट्यावर हिला प्रवेश नाही.
म्हणून ही सगळी उठाठेव इथे,
पिएदादबाईंच्या मागच्या पडवीत, दगडी डोणीपाशी.

सात पाण्यांनी, त्या खाटेवरूनच सांगतात.
पहिलं चुन्याचं. दुसरं कढत.
मग सुरीच्या पाठीने खरवडायचं
काळी साल सुटेपर्यंत.
खालून निघते पांढरी, जुन्या टॉवेलसारखी खरखरीत.
एका कप्प्यात मधमाश्यांनी अर्धवट सोडलेलं पोळं,
दुसऱ्यात पानंच पानं,
कोऱ्या वहीसारखी,
प्रत्येक पान उलटून धुवायचं.
बोकडाने जन्मभर काय वाचलं ते अडकलेलं असतं मध्ये:
गवताची काडी, कसलं तरी बी,
एकदा तर लॉटरीच्या तिकिटाचा कोपरा.
पाचव्या पाण्यानंतर पाठ बोलायला लागते.

आईकडे, डिचोलीला,
वजडी चुलीवरून थेट ताटात यायची.
भाजलं खोबरं, लालभडक रस्सा,
पहिल्या घासाला जीभ पोळली
की पुढचं सगळं माफ.
पिएदादबाईंना हे मान्य नाही.
गरम खाणाऱ्यांना, त्या म्हणतात,
धुण्याचा कंटाळा.

कुकरच्या अकरा शिट्ट्या.
पाणी ओतून टाकलं. आता वाट बघायची,
आणि तेच मला येत नाही.
दोनदा झाकण काढून बोट लावलं.
"थंड जावंक दी गो," आतून.
कोमट असताना व्हिनेगर घातलं तर रुसते म्हणे, रबर होते.
पाचला वीज गेली, फ्रिज गप्प झाला,
तेव्हा विहिरीचं पाणी परातीत काढून
त्यात पातेलं ठेवलं
आणि मांजराला हाकलत बसले.

मग कापणं. आधी बोटाएवढे तुकडे.
"आनीक बारीक."
काडीएवढे.
"आनीक."
शेवटी इतके, की सुरी आरपार गेली की नाही
ते बोटांनाच विचारावं लागलं.
कांदा, हिरवी मिरची, मीठ, थोडी कोथिंबीर,
आणि माडाच्या सुरेचं व्हिनेगर,
बाटलीवर त्यांच्या नवऱ्याच्या अक्षरात साल लिहिलेलं.
मी ते मोठ्याने वाचलं नाही.

त्यांनी एक पट्टी जिभेवर घेतली.
चावणं नाहीच. टाळूला दाबून धरली,
डोळे मिटले.
बाहेर कुणाची तरी स्कूटर
तीन किका मारूनही सुरू झाली नाही.
"उदकां कितलीं?"
सात, मी म्हटलं.
पट्टी या गालातून त्या गालात गेली.

"पांच," त्या म्हणाल्या,
आणि बशी पुढे केली,
अजून वाढ म्हणून.